योसेफोव्ह : पाडलेली घरे, राखलेली थडगी

प्राग शहराच्या जुन्या चौकातून नदीच्या दिशेने एक रुंद, सरळ रस्ता निघतो. त्याचे नाव पारझिश्स्का, म्हणजे पॅरिसचा रस्ता. दोन्ही बाजूंना झाडांची रांग, पाच-सहा मजली दिमाखदार इमारती, त्यांच्या कोपऱ्यांवर मनोरे आणि तळमजल्यावर अत्यंत महागड्या वस्तूंची दुकाने. काचेआड ठेवलेल्या एका हातपिशवीची किंमत मी आपल्या रुपयांत करून पाहिली, मग प्राध्यापकी पगाराशी तिचा हिशोब जुळवू लागलो आणि थोड्याच वेळात तो नाद सोडला. दाराशी उभ्या असलेल्या पहारेकऱ्याने माझ्याकडे पाहिले. मी पुढे सरकलो.

मी ज्या वस्तीच्या शोधात आलो होतो तिच्यावरच उभा होतो. पण वस्ती दिसत नव्हती. एका चर्चासत्राच्या निमित्ताने प्रागमध्ये चार दिवस मिळाले होते. त्यांतले दोन दिवस मी फक्त चाललो, तेही एवढ्याशा टापूत. योसेफोव्ह हा जेमतेम नऊ हेक्टरांचा, म्हणजे बावीस एकरांचा भाग. कडेने फेरी मारायला अर्धा तासही लागत नाही. युरोपातल्या सर्वांत मोठ्या ज्यू वस्त्यांपैकी एक येथे होती आणि अठराव्या शतकाच्या आरंभी येथे दहा हजारांहून अधिक माणसे राहत होती. ती राहत होती ती घरे कोठे गेली, हा माझा साधा प्रश्न होता.

गेट्टो हा शब्द मला पहिल्यांदा भेटला तो युरोपच्या इतिहासात नव्हे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी आपल्या एका इंग्रजी हस्तलिखिताच्या शीर्षकातच अस्पृश्यांना भारतातल्या गेट्टोची लेकरे म्हटले आहे. महाराष्ट्र शासनाने १९८९ साली काढलेल्या पाचव्या खंडात ते आहे. पदवीच्या वर्गात असताना ते शीर्षक वाचले आणि शब्दकोश उघडला. गेट्टो हे नाव मुळात व्हेनिसचे, १५१६ सालचे. प्रागची वस्ती त्याहून जुनी. आपल्याकडची वस्ती गावकुसाबाहेर टाकलेली, प्रागची शहराच्या पोटात भिंत घालून कोंडलेली. एक बाहेर ढकलण्याची रीत, दुसरी आत डांबण्याची. दोहोंचे माप एकाच पट्टीने घेऊ नये असे मी वर्गात सांगत आलो आहे. म्हणून येथे जे सांगायचे ते प्रागचेच सांगतो.

प्रागमधल्या घरांवर दोन क्रमांक असतात, एक निळ्या पाटीवर आणि एक तांबड्या. निळा क्रमांक रस्त्याच्या क्रमाने घर सापडावे म्हणून. तांबडा जुन्या पद्धतीचा, त्याच्यासोबत विभागाचे नाव असते. ‘योसेफोव्ह’ हा शब्द मला पहिल्यांदा अशाच एका तांबड्या पाटीवर दिसला. घरांना क्रमांक देण्याची ही पद्धत हॅब्सबर्ग राजवटीने १७७० साली सुरू केली ती सैन्यभरतीसाठी माणसे मोजता यावीत म्हणून. बोहेमियात तेव्हा असा नियम झाला की इतरांच्या घरांना साधे आकडे घालावेत आणि ज्यूंच्या घरांना रोमन आकडे. माणसाने अंगावर खूण वागवायची, हे तर होतेच. आता त्याच्या भिंतीनेही ती वागवायची. मोजणीच्या साध्या सरकारी कामात हा भेद किती सहज शिरतो, हे ज्यांनी सरकारी दाखले काढले आहेत त्यांना वेगळे सांगायला नको.

पारझिश्स्कावरून डावीकडे वळले की दोन पावलांवर चेर्वेना नावाची आखूड गल्ली लागते. चेर्वेना म्हणजे तांबडी. तिच्या तोंडाशी ‘जुने-नवे’ सिनेगॉग आहे, सुमारे १२७० साली बांधलेले. आजही प्रार्थना होते अशा युरोपातल्या सिनेगॉगांत हे सर्वांत जुने. त्यात शिरताना पायऱ्या खाली उतराव्या लागतात. प्रथम वाटते की ही बांधण्याची पद्धतच असावी. तसे नाही. शतकानुशतके भोवतालची जमीन चढत गेली आणि शेवटी शहर सुधारणेच्या वेळी पुरापासून बचाव म्हणून रस्तेच उंच करण्यात आले. सिनेगॉग होते तेथेच राहिले. मी ज्या दगडी फरशीवर चालत होतो तिच्या बऱ्याच खाली जुन्या गल्लीची पातळी आहे.

ज्यू या प्रदेशात त्याच्याही तीनशे वर्षे आधीपासून होते. इब्राहिम इब्न याकूब हा स्पेनकडला ज्यू प्रवासी सुमारे ९६५ साली येथे आला होता. दगड आणि चुन्याने बांधलेले, व्यापाराने गजबजलेले शहर असे त्याने प्रागचे वर्णन केले आहे. म्हणजे ‘उपरे’ म्हणून ज्यांना पुढे भिंतीआड घातले त्यांच्याच एका धर्मबांधवाने शहराचे हे जुने वर्णन लिहून ठेवले. १२१५ साली रोमच्या चर्चपरिषदेने ठरवले की ज्यू वेषावरून ओळखू आला पाहिजे. त्याच शतकात भिंत आणि दरवाजे आले. १३८९ च्या ईस्टरमध्ये जमावाने वस्तीत शिरून मोठी कत्तल केली. अव्हिगदोर कारा हा कवी त्यातून वाचला. त्याने लिहिलेले शोकगीत आजही वर्षातून एकदा, प्रायश्चित्ताच्या दिवशी, या सिनेगॉगमध्ये म्हटले जाते. कत्तलीची नोंद राज्याच्या दप्तरात काय झाली ते असो. वस्तीने आपली नोंद स्वतःच्या कवीकडून करून घेतली आणि सहा शतके ती तोंडी जिवंत ठेवली.

या वास्तूत आणखी एक गोष्ट मला दिसली आणि ती सांगितल्यावाचून पुढे जाणे बरे नाही. मुख्य दालनाच्या जाड भिंतींत अरुंद, आडव्या फटी आहेत. पलीकडच्या खोलीत स्त्रिया बसत आणि त्या फटींतून प्रार्थना ऐकत. बाहेरच्या भिंतीने सगळ्यांना कोंडले होते आणि आत आणखी एक भिंत होती, ती आपली आपणच बांधलेली. बहिष्कृतांच्या इतिहासाविषयी बोलताना ही दुसरी भिंत सोयीस्करपणे गाळण्याची आपल्याला सवय आहे.

समोरच ज्यूंचा नगरभवन आहे, आणि त्याच्या मनोऱ्यावर नेहमीचे घड्याळ. पण खालच्या बाजूला दुसरे घड्याळ आहे. त्यावर हिब्रू अक्षरे आहेत. ती लिपी उजवीकडून डावीकडे वाचतात, म्हणून त्याचे काटेही उलटे फिरतात. पर्यटक त्याखाली उभे राहून हसतात, फोटो काढतात. मला मात्र तेथे थांबावेसे वाटले ते वेगळ्या कारणासाठी. आपला काळ आपल्या अक्षरांत मोजायचा आणि शेजारीच जगाचाही काळ दाखवायचा, हा व्यवहारही होता आणि बाणेदारपणाही.

हे नगरभवन ज्या रस्त्यावर आहे त्याचे नाव मायझेलोव्हा. मोर्देकाय मायझेल हा सोळाव्या शतकातला वस्तीचा प्रमुख आणि सम्राट दुसरा रुडॉल्फ याला पैसा पुरवणारा सावकार. त्याने नगरभवन बांधले, सिनेगॉग बांधले, वस्तीच्या गल्ल्यांना फरशी घातली. १६०१ साली तो वारला आणि सम्राटाने त्याची सारी मालमत्ता जप्त केली. जिवंतपणी दरबारात मान, मेल्यावर तिजोरीला कुलूप! बहिष्कृत समाजातला श्रीमंतही किती तकलादू असतो, याचे याहून स्वच्छ उदाहरण मला ठाऊक नाही. तरीही लक्षात घेतले पाहिजे की रस्त्याला नाव त्याचे आहे. ज्या गवंड्यांनी आणि हमालांनी ती फरशी बसवली त्यांचे नाव कोणत्याही पाटीवर नाही, आणि ती फरशीही आता नाही.

आता या वस्तीवर राज्य करणारे कायदे पाहू. १५५१ साली पहिल्या फर्डिनांडने ज्यूंना अंगरख्यावर पिवळे वर्तुळ लावण्याचा हुकूम काढला. १७२६ साली सहाव्या चार्ल्सने त्याहून भयंकर कायदा केला. बोहेमियात ज्यूंची ८,५४१ आणि मोराव्हियात ५,१०६ एवढीच कुटुंबे असतील, त्यांत वाढ होणार नाही! कुटुंबातल्या फक्त एका मुलाला लग्नाचा परवाना, तोही बापाची जागा रिकामी झाल्यावर. बाकीच्यांनी देश सोडावा, नाहीतर चोरून लग्न करावे. आणि तशा लग्नाची मुले कायद्याच्या लेखी अनौरस. १८४८ च्या क्रांतीपर्यंत, म्हणजे सव्वाशे वर्षे, हा कायदा राहिला. मधल्या काळात, १७४४ च्या डिसेंबरात, मारिया थेरेसाने शत्रूला सामील असल्याचा आरोप ठेवून ऐन हिवाळ्यात अख्खी वस्ती शहराबाहेर काढली. त्यांना परत येऊ दिले ते १७४८ साली, आणि तेही वाढीव कर कबूल करून घेऊन.

तिचा मुलगा दुसरा योसेफ हा सुधारक. याच्याच नावाने पुढे वस्तीला योसेफोव्ह म्हणू लागले. १७८१ साली त्याने ज्यूंची वेषाची सक्ती काढली, शाळा, उद्योग आणि विद्यापीठ त्यांना मोकळे केले. पण सोबत अटी आल्या. व्यवहाराची भाषा जर्मन हवी. १७८७ पासून नावेही जर्मन हवीत. आमच्या घराण्यात पहिला पदवीधर मी. त्यामुळे या ठिकाणी मी इतिहासाचा तटस्थ विद्यार्थी राहू शकत नाही. विद्यापीठाच्या नोंदवहीपुढे उभा राहिलेला तो पहिला मुलगा मला डोळ्यांपुढे दिसतो. नाव लिही, असे त्याला सांगतात. आईने हाक मारायचे ते नाव तो लिहीत नाही, सरकारने दिलेले लिहितो. त्याने तो सौदा केला म्हणून मी त्याला दोष देणार नाही. पण दार उघडणाऱ्याचे नाव वस्तीला आणि दारातून शिरणाऱ्याचे नाव बदललेले, हा सुधारणेचा हिशोब मांडून ठेवला पाहिजे.

या सगळ्या कायद्यांचा वस्तीच्या जमिनीवर काय परिणाम झाला? भिंतीबाहेर घर घेता येत नाही आणि आत माणसे आहेत. मग घरावर मजला चढतो, अंगणात खोल्या निघतात, गल्लीवर सज्जे येतात. एकाच घराचे अनेक मालक होतात. कोणाकडे एक मजला, कोणाकडे एक खोली, कोणाकडे खोलीचाही हिस्सा. एका घरातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून तिसऱ्यात वाट जाते. १६८९ साली आग लागली तेव्हा अशी वस्ती किती वेगाने पेटली असेल याची कल्पना करता येते. हवा नाही, उजेड नाही, सांडपाण्याला वाट नाही. ही अवस्था कोणाच्या ‘संस्कारां’तून आली नव्हती. ती शासनाच्या लेखणीने, कलमाकलमाने घडवली होती.

हे पुस्तकात वाचून जेवढे कळत नाही तेवढे जुन्या स्मशानात उभे राहिल्यावर कळते. शिरोका गल्लीतून आत शिरावे लागते. शिरोका म्हणजे रुंद. ज्यूवस्तीत ‘रुंद’ म्हणावी अशी ही एक गल्ली. आत गेल्यावर डोळ्यांना काही क्षण अर्थच लागत नाही. एक हेक्टरच्या आसपास जागा आणि तीत सुमारे १२,००० दगड. वाकलेले, एकमेकांना टेकलेले, जमिनीत निम्मे गाडलेले. पंधराव्या शतकाच्या पूर्वार्धापासून १७८७ पर्यंत येथे मृतांना पुरत होते. जागा वाढवून मिळेना आणि धर्माप्रमाणे जुने थडगे उकरता येत नाही. मग माती आणायची, जुन्या थडग्यांवर ओतायची, खालचे दगड वर उचलून घ्यायचे आणि नव्या थरात नवा मुडदा पुरायचा. काही ठिकाणी असे बारा थर आहेत. सबंध स्मशान भोवतालच्या गल्लीपेक्षा उंच झाले आहे. जिवंतांनी मजल्यावर मजला चढवला तो वर दिसत नाही, कारण ती घरे पाडली. मेलेल्यांचे मजले मात्र आहेत. पाडलेल्या वस्तीचा उभा छेद पाहायचा असेल तर तो येथे आहे.

सर्वांत जुना दगड अव्हिगदोर काराचा, १४३९ सालचा. रब्बी ल्योव्हचे थडगे १६०९ चे. त्याच्यावर सिंह कोरला आहे आणि फटींत लोकांनी इच्छा लिहिलेल्या चिठ्ठ्या खोचल्या आहेत. दाव्हिद गान्स या इतिहासकाराच्या दगडावर हंसासारखा पक्षी आहे, कारण गान्स म्हणजे बदक-हंसाच्या जातीतला तो पक्षी. शिंप्याच्या दगडावर कात्री, औषधे करणाऱ्याच्या दगडावर खल. हे धंद्यांचे कोरीवकाम मला फार आवडले. पण आशीर्वाद देणारे दोन हात दिसले तर तो मृत पुरोहिताच्या कुळातला, पाण्याचा झारा दिसला तर तो पुरोहितांचे हात धुणाऱ्या लेवींच्या कुळातला. बारा थरांखाली गाडला गेला तरी कुळ दगडावर राहिले.

१८४८ नंतर ज्यूंना बाहेर राहण्याची मुभा मिळाली. १८५० मध्ये वस्ती शहरात सामील होऊन योसेफोव्ह हा प्रागचा पाचवा विभाग झाला, आणि १८६७ साली नागरिक म्हणून पूर्ण समान हक्क आले. भिंत पडली. मग काय झाले? ज्यांच्याकडे पैसा होता ते बाहेर पडले, आणि ते स्वाभाविकच होते. राहिले ते ज्यांना जाणे परवडत नव्हते. रिकाम्या झालेल्या खोल्यांत शहरभरचे गरीब आले: मजूर, जुने कपडे विकणारे, धुणी धुणाऱ्या, वेश्या, बेघर. शतकाच्या अखेरीस येथे ज्यूंपेक्षा ज्यूेतर गरिबांची संख्या कितीतरी अधिक होती. म्हणजे धर्माची भिंत पडली आणि तिच्या जागी पैशाची, न दिसणारी भिंत उभी राहिली. दाटी मात्र तशीच, किंबहुना वाढलेली. १८९० च्या सप्टेंबरात व्ल्टावेला मोठा पूर आला तेव्हा सखल भागातली ही घरे पाण्यात गेली.

शहराच्या कारभाऱ्यांची योजना त्याआधीच तयार होती. नव्या रचनेसाठी आराखड्यांची स्पर्धा ठेवण्यात आली होती आणि १८८७ साली निवडला गेला तो आल्फ्रेड हुर्टिग या भूमापकाचा आराखडा. त्याने आराखड्याला लॅटिन नाव दिले होते ‘फिनिस गेट्टो’, म्हणजे गेट्टोचा अंत. ११ फेब्रुवारी १८९३ ला कायदा झाला. चेक भाषेत या उद्योगाला ‘असानात्से’ म्हणतात. शब्दाच्या मुळाशी अर्थ आहे आरोग्य परत आणणे, शुद्ध करणे. कायद्याने घरे सक्तीने संपादन करण्याचा अधिकार दिला आणि नव्या इमारतींना वीस वर्षे करमाफी दिली. मोबदल्याची भाषा सगळी घरमालकांशी. खोलीच्या कोपऱ्यात भाड्याने झोपणाऱ्याने कोठे जायचे, हा प्रश्न आराखड्यात नव्हता. तो उपनगरांकडे सरकला, आणखी एका दाट चाळीत.

माझे म्हणणे येथे आहे. प्रथम कायदा करून माणसांना अपुऱ्या जागेत कोंबायचे. कोंबल्याने घाण होणार. ती घाण त्या माणसांचा स्वभाव म्हणून सांगायची. आणि शेवटी त्याच घाणीचे कारण दाखवून वस्ती साफ करायची, माणसांसकट. रोगराई खोटी नव्हती, हे मान्य केले पाहिजे. त्या खोल्यांत मुले मरत होती, हेही खरे. जुनी वस्ती जशीच्या तशी ठेवावी असे मी म्हणत नाही. अंधाऱ्या खोलीत दिवस काढलेला माणूस अंधाराचे गोडवे गाणार नाही. पण आरोग्य जर माणसाचे आणायचे होते तर तो माणूस नव्या घरात दिसायला हवा होता. पारझिश्स्का रस्त्यावर दिसला तो वरच्या मध्यमवर्गातला भाडेकरू. आरोग्य जमिनीला मिळाले.

विरोधही झाला. विलेम मर्श्टिक या लेखकाने १८९७ साली ‘बेस्तिया ट्रिउम्फान्स’, म्हणजे विजयी पशू, या नावाची जळजळीत पत्रिका काढली. कलावंत, लेखक रस्त्यावर आले. त्यांच्यामुळे प्रागचे कितीतरी सौंदर्य वाचले, त्याबद्दल त्यांचे ऋण मानावे. पण त्यांच्या निषेधाचा रोख जुन्या वास्तूंवर होता. देखणे घर पडताना पाहून ज्यांना यातना झाल्या त्यांतल्या फार थोड्यांना त्या घरातला भाडेकरू दिसला.

पाडापाडी पहिल्या महायुद्धाच्या तोंडापर्यंत चालली. तीन सिनेगॉगही पाडली गेली. त्यांच्या बदली १९०६ मध्ये दूर येरुझालेम्स्का रस्त्यावर एक नवे उभे राहिले. त्याच वर्षी सालोमोन हुगो लिबेन या इतिहासकाराने ज्यू संग्रहालय स्थापले. कारण साधे होते : पाडलेल्या सिनेगॉगांतले पडदे, दिवे, ग्रंथ ठेवायचे कोठे? शेवटी उरले ते सहा सिनेगॉग, नगरभवन आणि स्मशान. देव राखले, मेलेले राखले, घरे गेली. मग वस्ती नाहीशी झाल्यावर तिच्याविषयीचे गूढ वाढीला लागले. रब्बी ल्योव्हने मातीचा गोलेम नावाचा राक्षसी सेवक घडवला ही कथा खरे म्हणजे त्याच्या मृत्यूनंतर दोनशे वर्षांनी त्याच्या नावाशी जोडली गेली. गुस्टाव्ह मायरिंकची ‘गोलेम’ ही कादंबरी पुस्तकरूपाने आली १९१५ साली, म्हणजे ज्या गल्ल्यांवर ती आहे त्या जमीनदोस्त झाल्यावर. आज दुकानादुकानांत मातीचे गोलेम विकायला आहेत. न बोलता, मजुरी न मागता राबणारा नोकर! वस्तीतली खरी राबणारी माणसे बोलत होती, भांडत होती, भाडे थकवत होती. त्यांच्या बाहुल्या कोण विकत घेणार?

पारझिश्स्का रस्त्याची नावे एकदा क्रमाने वाचावीत. १९०१ मध्ये तो मिकुलाश्स्का, संत निकोलसचा. १९२६ मध्ये पॅरिसचा. १९४० ते १९४५ या काळात त्याचे नाव होते नोरिम्बेर्स्का, म्हणजे न्युरेंबर्गचा रस्ता. ज्या शहरात १९३५ साली ज्यूंचे नागरिकत्व काढून घेणारे कायदे जाहीर झाले त्या शहराचे नाव जुन्या ज्यूवस्तीच्या छातीवर! पाटी बदलणाऱ्याला आपण काय करतो आहोत हे पुरते ठाऊक असणार. १९४१ च्या सप्टेंबरात पिवळी खूण परत आली, या वेळी ताऱ्याच्या आकारात. योसेफने ती काढल्याला १६० वर्षे होत होती. कायद्याने काढलेली खूण कायद्यानेच परत येऊ शकते, हे त्या १६० वर्षांत किती जणांना खरे वाटले असते?

बोहेमिया आणि मोराव्हियात १९३९ च्या मार्चमध्ये न्युरेंबर्गच्या व्याख्येप्रमाणे सुमारे १ लाख १८ हजार ज्यू होते. त्यांतल्या मारल्या गेलेल्या सुमारे ७८ हजारांची नावे स्मशानालगतच्या पिंकास सिनेगॉगच्या भिंतींवर हाताने लिहिली आहेत. गावाचे नाव, मग आडनाव, नाव, जन्माची तारीख आणि जिवंत असल्याची शेवटची तारीख. छतापासून जमिनीपर्यंत, दालनामागून दालन. व्हाक्लाव्ह बोश्टिक आणि यिरझी योन या दोन चित्रकारांनी १९५४ ते १९५९ या काळात ती प्रथम लिहिली. १९६८ नंतर ओल आल्याचे कारण देऊन इमारत बंद झाली आणि दुरुस्तीत ती अक्षरे नष्ट झाली. राजवट बदलल्यावर, १९९२ ते १९९६ या वर्षांत, ती सगळी पुन्हा लिहावी लागली. मी एका कोपऱ्यात उभा राहून एकाच आडनावाची माणसे मोजू लागलो. अकरापर्यंत मोजली. त्यांतल्या शेवटच्या दोघांचा जन्म माझ्या आजोबांच्या आसपासचा असावा. वस्तीच्या हजार वर्षांच्या इतिहासात सामान्य माणसाचे नाव, मायझेलच्या शेजारी, अशा प्रकारे भिंतीवर आले ते या एकाच प्रसंगी.

वरच्या मजल्यावर मुलांची चित्रे आहेत. प्रागच्या उत्तरेला तेरेझिनच्या छावणीत फ्रीडल डिकर-ब्रान्डाइस ही चित्रकार मुलांना चोरून चित्रकला शिकवी. रंग नाहीत, कागद म्हणजे कचेरीतले वापरलेले कागद. चित्राखाली आपले नाव घालायला ती मुलांना सांगे. १९४४ च्या ऑक्टोबरात तिला ऑश्विट्झला नेऊन मारले. जाण्यापूर्वी तिने ठेवून दिलेली चित्रे दोन पेट्यांत मागे राहिली, सुमारे साडेचार हजार. फुलपाखरू, खिडकी, टेबलाभोवती जेवायला बसलेली माणसे. एक घर, त्याच्या धुराड्यातून धूर. मी शिक्षक आहे; वर्गातल्या हजेरीपटाकडे आपण किती यांत्रिकपणे पाहतो ते मला येथे आठवले.

हे सारे जतन झाले, जग ते पाहायला येते. पण याच भूमीत दुसऱ्या एका समाजाचे काय झाले तेही पाहिले पाहिजे. रोमा लोकांना, ज्यांना आपण जिप्सी म्हणून ओळखतो, दक्षिणेकडच्या लेटी येथील छावणीत डांबले होते. त्या जागेवर १९७० च्या दशकात डुकरांचा मोठा गोठा उभा राहिला आणि तो राजवट बदलल्यावरही तसाच चालू होता. तो पाडला २०२२ मध्ये. स्मारक उघडले २०२४ मध्ये. आणि १९९९ च्या ऑक्टोबरात उस्ती नाद लाबेम या शहरातल्या मातिच्नी रस्त्यावर नगरपालिकेने भिंत बांधली, रोमा भाडेकरूंच्या इमारती आणि समोरची घरे यांच्या मध्ये. कारण सांगितले ते आवाज आणि कचरा! देशभर आणि बाहेरही ओरड झाली, आणि सहा आठवड्यांत भिंत उतरवली गेली. तेव्हा पिंकासच्या भिंतीवरची नावे पुन्हा लिहून पूर्ण होऊन तीनच वर्षे झाली होती.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी पुन्हा दुश्नी, व्येझेन्स्का अशा मागच्या रस्त्यांनी फिरलो. व्येझेन्स्का म्हणजे तुरुंगाची गल्ली. शनिवार असल्याने संग्रहालय बंद होते आणि गर्दी पांगली होती. पाडलेल्या घरांचा मागमूस या रस्त्यांवर सापडत नाही, हे आता मला कळून चुकले होते. ती घरे एकाच ठिकाणी उरली आहेत. आंतोनिन लांगव्हाइल हा प्रागच्या विद्यापीठ-ग्रंथालयात शिपायाची नोकरी करणारा माणूस. १८२६ ते १८३७ अशी अकरा वर्षे, नोकरीतून उरलेल्या वेळात, त्याने कागद आणि पुठ्ठा यांची प्रागची प्रतिकृती केली. दोन हजारांहून अधिक घरे. प्रत्येकाच्या खिडक्या, दारे, घरावरची चिन्हे पाहून पाहून काढलेली. ती विकून चार पैसे मिळतील ही त्याची आशा फळली नाही. काम पुरे होण्याआधी तो वारला. प्रतिकृती आज प्राग शहराच्या संग्रहालयाची आहे. मी तिची छायाचित्रे पाहिली. किल्ला, राजवाडे, चर्च यांच्याबरोबर त्याने ज्यूवस्तीही केली आहे, तितक्याच काळजीने. स्मशानाच्या कडेने वाकड्यातिकड्या गल्ल्या, एकमेकांवर चढलेली छपरे, मागच्या अंगणात काढलेल्या खोल्या. वरच्या मजल्यावरची एक-एक खिडकी त्याने रंगवली आहे.